आधी ‘फ्रोझन’चं गाणं, मग सरगम

सात-आठ वर्षांचं मूल गिटार मागतं, तेव्हा त्याच्या डोक्यात ‘संगीत शिकणं’ वगैरे काही नसतं. एक गाणं असतं. ‘फ्रोझन’मधल्या एल्साचं, ‘मोआना’चं, नाही तर ‘कोको’मधल्या मिगेलचं. ते त्याने टीव्हीवर आणि मोबाइलवर शंभरदा ऐकलेलं असतं. आता ते आपल्या हातून वाजावं, एवढीच त्याची मागणी असते. मग घरात गिटार येते, क्लास लागतो आणि अनेकदा पहिल्याच आठवड्यात मोठ्यांकडून ऐकायला मिळतं, ‘कार्टूनची गाणी नंतर, आधी बोटांचे व्यायाम.’ दोन-तीन महिन्यांत बोटं दुखतात, कंटाळा येतो आणि गिटार कपाटावर जाऊन बसते. ‘याला आवडच नाही’ असा शिक्का मुलावर बसतो. दोष मात्र पुष्कळदा गिटारच्या मापाचा, तारांचा आणि गाणं पुढे ढकलण्याचा असतो.

वसई तालुक्याला गिटार परकी नाही. पश्चिमेकडच्या गावांतल्या चर्चच्या गायनवृंदांत आणि ख्रिस्ती लग्नघरांत ती कित्येक वर्षं वाजते आहे. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर, म्हणजे १९६५च्या पुढे, उपासना लोकभाषेत आली आणि मराठी भक्तिगीतांना तिथे हक्काची जागा मिळाली. अशा घरातलं मूल गिटारला हात लावण्याआधी ती गीतं वर्षानुवर्षं कानांनी ऐकत असतं. सूर कुठे चढतो, कुठे थांबतो, हे त्याला पाठ असतं. हात शिकायचे राहिलेले असतात, कान आधीच शिकलेला असतो.

स्टेशनच्या पूर्वेला, तुंगारेश्वरच्या डोंगराकडे जाणाऱ्या वाटेवरच्या गोखिवऱ्यात चित्र वेगळं आहे. जुनं गाव, औद्योगिक गाळे, चाळी आणि एकामागून एक उभ्या राहिलेल्या इमारती. निरनिराळ्या भागांतून आलेली, निरनिराळ्या भाषा बोलणारी कुटुंबं. आईवडिलांपैकी एक तरी लोकलने मुंबईला जाणारा, रात्री उशिरा परतणारा. इथल्या सगळ्या मुलांच्या कानात एकच भक्तिगीत किंवा एकच लोकगीत असण्याची शक्यता कमी. पण ॲनिमेशनपटांची गाणी मात्र सगळ्यांच्या कानात असतात, मग घरची बोली कोणतीही असो. चर्चमधल्या मुलासाठी भक्तिगीत जे काम करतं, तेच इथे ‘फ्रोझन’ करतं.

हे काम नेमकं काय, ते समजून घेण्यासारखं आहे. अनोळखी सुरावट वाजवताना मुलाला आपलं चुकलं की बरोबर आलं, हे शिक्षकाने सांगेपर्यंत कळत नाही. ओळखीचं गाणं असेल तर चुकलेला सूर त्याच क्षणी कानाला टोचतो. मूल थांबतं, तोंड वाकडं करतं, पुन्हा वाजवतं. उत्तरपत्रिका त्याच्या डोक्यातच असते. रात्री साडेआठला घरी पोहोचणाऱ्या पालकांच्या घरात, जिथे सरावाला शेजारी बसायला कुणी नसतं, तिथे हा डोक्यातला शिक्षक फारच उपयोगी. जपानचे व्हायोलिनशिक्षक शिनिची सुझुकी यांची सगळी पद्धत याच पायावर उभी आहे: मूल मातृभाषा जशी आधी ऐकतं आणि मग बोलतं, तसं वाद्यही आधी ऐकावं, मग वाजवावं. आपल्याकडे गुरूने गायचं आणि शिष्याने मागून म्हणायचं, ही रीत तरी याहून कुठे वेगळी आहे?

आवडीच्या गाण्याचा आणखी एक फायदा मेंदूत दिसतो. कॅनडातल्या मॉन्ट्रियल इथे व्हॅलरी सालिंपूर आणि रॉबर्ट झटोरे यांनी २०११मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात लोकांना त्यांच्याच पसंतीचं संगीत ऐकवून मेंदूचं स्कॅनिंग केलं. आनंदाशी निगडित असलेलं डोपामिन गाण्यातला आवडता क्षण आल्यावर तर स्रवतंच, पण तो क्षण येणार, या प्रतीक्षेतही स्रवतं, असं त्यांना आढळलं. तो अभ्यास प्रौढांवरचा आणि ऐकण्याबाबतचा होता, त्यामुळे मुलांच्या वादनाला तो जसाच्या तसा लावता येणार नाही. तरीही धृवपद येईपर्यंत मूल नेटाने का वाजवत राहतं, याचा थोडा अंदाज त्यावरून येतो.

इथे एक भ्रम मात्र बाजूला ठेवायला हवा. ‘गिटार शिकली की गणित सुधारतं’ या आशेवर फी भरणारे पालक कमी नाहीत. टोरांटोमध्ये ग्लेन शेलेनबर्ग यांनी २००४मध्ये सहा वर्षांच्या १४४ मुलांचा अभ्यास प्रसिद्ध केला. वर्षभर संगीत शिकलेल्या मुलांच्या बुद्ध्यंकात इतरांपेक्षा दोन-तीन गुणांची जास्त वाढ दिसली आणि त्याच्या बातम्या जगभर झाल्या. पुढे २०२०मध्ये जोव्हानी साला आणि फर्नांड गोबे यांनी ५४ अभ्यास, जवळपास सात हजार मुलं, असा सगळा पुरावा एकत्र तपासला. चांगल्या रीतीने आखलेल्या प्रयोगांत बुद्धिमत्तेवर किंवा अभ्यासावर परिणाम जवळपास शून्य निघाला. गिटार गणितासाठी घ्यायचीच असेल तर त्यापेक्षा गणिताचं पुस्तक स्वस्त पडेल.

वाद्याचा परिणाम दिसतो तो हातांच्या मेंदूतल्या जागेवर. थॉमस एल्बर्ट आणि सहकाऱ्यांनी १९९५मध्ये नऊ तंतुवादकांची तपासणी केली. त्यांत एक गिटारवादकही होता. डाव्या हाताच्या बोटांच्या स्पर्शाला मेंदूचा मिळणारा प्रतिसाद त्यांच्यात इतरांपेक्षा मोठा होता आणि ज्यांनी लहान वयात सुरुवात केली त्यांच्यात तो अधिक ठळक होता. पण हा बदल रोजच्या वाजवण्यातून होतो, आणि मूल रोज तेच वाजवतं जे त्याला वाजवावंसं वाटतं.

आता दुखणाऱ्या बोटांकडे. मोठ्या क्लासिकल गिटारमध्ये तारेची वाजणारी लांबी साधारण ६५० मिलिमीटर असते. तिच्या मानेवरचा पहिला पडदा, म्हणजे फ्रेट, वरच्या टोकापासून सुमारे साडेछत्तीस मिलिमीटरवर येतो. सात वर्षांच्या मुलाच्या बोटांना ही फाक मोठी आहे. ४८० मिलिमीटरच्या आसपास लांबी असलेल्या पाव मापाच्या गिटारवर हेच अंतर २७ मिलिमीटर होतं. ‘पुढे वाढत्या अंगाला होईल’ म्हणून शाळेचा गणवेश मोठा घेतात तशी गिटार मोठी घेतली, तर मूल मनगट वाकवून, खांदा उचलून वाजवतं आणि दुखणं ओढवून घेतं. साधारण पाच-सहा वर्षांच्या मुलाला पाव, सहा ते नऊच्या मुलाला अर्धी आणि त्यापुढे पाऊण मापाची गिटार, असा ढोबळ हिशेब. शेवटी वयापेक्षा हाताची लांबी पाहावी.

घरात ताईची किंवा दादाची मोठी गिटार असेल तर कॅपो नावाचा चिमटा कामी येतो. तो पाचव्या पडद्यावर लावला की पुढच्या पहिल्या पडद्याचं अंतर सव्वासत्तावीस मिलिमीटरवर येतं, म्हणजे जवळपास पाव मापाच्या गिटारइतकं. तारा पट्टीजवळ येतात, कमी दाबाव्या लागतात आणि सूरही चढून मुलांच्या बारीक गळ्याला सोयीचा होतो. गिटारचं पोट मोठं ते मोठंच राहतं, हा तोटा आहेच.

तारांचं गणितही साधं आहे. स्टीलच्या सहा तारांचा एकूण ताण साधारण ७० किलोच्या घरात जातो, नायलॉनच्या तारांचा त्याच्या निम्म्याच्या आसपास. नवशिक्या मुलासाठी नायलॉनच बरी. नायलॉनच्या गिटारला ‘आवाज खणखणीत येतो’ म्हणून स्टीलच्या तारा चढवण्याचा उद्योग करू नये. तो ताण न पेलून ब्रिज उखडतो. बोटांच्या टोकांची चुणचुण पहिले तीन-चार आठवडे राहते, मग त्वचा जाड होते. रोज दहा-पंधरा मिनिटं सराव पुरे. ओल्या, नुकत्याच आंघोळ केलेल्या बोटांनी वाजवू नये, मऊ झालेली त्वचा लवकर सोलवटते. बोटाच्या टोकाची चुणचुण ठीक, पण मनगट, कोपर किंवा खांदा दुखला, हाताला मुंग्या आल्या, तर थांबायचं. आराम करूनही गेलं नाही तर डॉक्टरांना दाखवायचं.

वसईत यात पावसाळ्याची भर पडते. जून ते सप्टेंबर हवेतली आर्द्रता कित्येक दिवस ८० टक्क्यांच्या वर असते, तर गिटारच्या लाकडाला ४५ ते ५५ टक्के मानवते. दमट हवेत लाकूड पाणी शोषून फुगतं, पोटाची पट्टी वर येते, ब्रिजसह तारा उचलल्या जातात. एप्रिलमध्ये सहज दाबली जाणारी तार जुलैमध्ये बोटाला कापते आणि घरचे म्हणतात, मुलगा आळशी झाला! बाहेरच्या ओल धरलेल्या भिंतीवर गिटार टांगू नये. ती पिशवीत, सिलिका जेलच्या पुड्यांसह, आतल्या खोलीत राहू द्यावी. दुकानात किंवा घरी तपासायची खूण सोपी आहे: बाराव्या पडद्यावर तार आणि पडदा यांत तीन मिलिमीटरच्या आसपास फट असावी. एक रुपयाची दोन नाणी एकावर एक ठेवली की साधारण तेवढी जाडी होते. फट खूपच जास्त वाटली तर वाद्य दुरुस्त करणाऱ्याकडून ती खाली करून घेता येते.

माप आणि तारा जमल्या की पहिलं गाणं कोणतं, हा प्रश्न उरतो. ‘लेट इट गो’चा मूळ गळा प्रौढ गायिकेचा, जवळपास दोन सप्तकांत फिरणारा, मुलाने तो तसाच गाऊ पाहणं म्हणजे घसा ताणणं. गिटारवर मात्र त्याचं धृवपद जी, डी, ई मायनर आणि सी या चार ओळखीच्या कॉर्डमध्ये बसतं. पहिल्या पडद्यावर कॅपो लावला तर मूळ चित्रपटातली पट्टीही मिळते. या चारपैकी तीन कॉर्ड खालच्या तीन बारीक तारांवर अगदी सोप्या होतात. काहीही न दाबता त्या छेडल्या की ई मायनर. मधली तार पहिल्या पडद्यावर एका बोटाने दाबली की सी. सर्वांत बारीक तार तिसऱ्या पडद्यावर दाबली की जी. डीला तीन बोटं लागतात, तिथे आठवडाभर अडायला होतं; तोवर आई, बाबा किंवा मोठं भावंडं ती जागा भरून काढू शकतं.

‘कोको’ची गोष्ट याहून गमतीची. २०१७च्या या चित्रपटात मेक्सिकोतला मिगेल घरच्यांपासून लपून गिटार शिकतो. तो वाजवताना त्याची बोटं पडद्यांवर खरोखरच योग्य जागी पडतात, कारण चित्रकारांनी खऱ्या वादकांच्या गिटारवर छोटे कॅमेरे बांधून बोटांचं चित्रण अभ्यासलं होतं. त्यामुळे हा चित्रपट थांबवत, मागे नेत पाहणारं मूल टाइमपास करत असेलच असं नाही. ते बोटं पाहत असेल. ‘रिमेंबर मी’ या त्यातल्या गाण्याला ऑस्कर मिळालं. ते चित्रपटात जल्लोषातही येतं आणि अंगाईसारखं संथही. शिकणाऱ्याने संथ रूप घ्यावं, कॉर्ड बदलायला वेळ मिळतो.

आणि पालकांचं स्वतःचं कार्टूनगाणं? नव्वदच्या दशकात रविवारी दूरदर्शनसमोर बसलेल्या पिढीला मोगलीच्या मालिकेचं शीर्षकगीत अजून तोंडपाठ आहे. गुलजारांचे शब्द, विशाल भारद्वाज यांची चाल. ते मुलाला नवं असलं तरी बाबांच्या कानात पक्कं असतं, म्हणजे या वेळी चूक पकडणारा कान बाबांचा. शनिवारी रात्री, लोकलची घाई नसताना, एकाने गायचं आणि दुसऱ्याने तीन तारांवर ठेका धरायचा, एवढ्यासाठी क्लासची वाट पाहावी लागत नाही.