बुजलेल्या बेटांची वहिवाट

कागल-राधानगरीकडच्या खेड्यांतून गिरणीत पोट भरण्यासाठी जी माणसे परळ-लालबागच्या चाळींत जाऊन राहिली, त्यांच्या पत्रांतून आणि सुट्टीतल्या गप्पांतून आम्हा घाटावरच्या लोकांना मुंबईची जी ओळख झाली, तीत भोंगा होता, ट्राम होती, खानावळ होती; परंतु परळ हे एके काळी पाण्याने वेढलेले स्वतंत्र बेट होते आणि त्या बेटांना आपले असे रहिवासी होते, ही गोष्ट त्या ओळखीत कोठेच नव्हती.

कुलाबा, धाकटा कुलाबा, मुंबई, माझगाव, वरळी, परळ आणि माहीम अशी ती सात बेटे. आणि तेथील ज्ञात रहिवाशांत सर्वांत जुने ते कोळी. शिलाहार कुळाची एक शाखा आमच्या पन्हाळ्यास नांदत असता दुसरी उत्तर कोकणावर अंमल करीत होती, तेव्हापासून गुजरातच्या सुलतानांपर्यंत धनी बदलत गेले. १५३४ साली बहादूरशहाने वसई प्रांताबरोबर ही बेटे पोर्तुगीजांस दिली. पुढे त्यांतील मुंबई बेट गार्सिया द ओर्ता ह्या विद्वान वैद्याकडे खंडाने होते. १६६१ च्या विवाहकरारान्वये ही बेटे इंग्लंडच्या राजाला आंदण मिळाली, आणि त्याने १६६८ साली सालिना दहा पौंड खंडावर कंपनी सरकारच्या पदरात टाकली. दहा पौंड! ह्या देवघेवीत कोळ्यांची संमती घ्यावी असे कोणाही सनद लिहिणाऱ्यास वाटले नाही, ह्यात नवल नाही. आंदणात दिलेल्या गाईला कोणी विचारीत नसते.

परंतु राजांनी केले नाही ते भरावाने केले. अठराव्या शतकाच्या अखेरीस हॉर्नबी साहेबाच्या बांधाने वरळीजवळची खाडी अडविली, १८३८ साली कुलाब्याचा आणि १८४५ साली माहीमचा रस्ता झाला, आणि बेटकरी आपली जागा न सोडताच शहरवासी बनले. शहरास पुढे त्यांचे कोळीवाडे झोपडपट्टीसारखे दिसू लागले. धारावीचा कोळीवाडा तर तिथल्या झोपडपट्टीहून कितीतरी जुना आहे.

ह्या समाजाची अस्मिता धर्माच्या वा शुद्ध रक्ताच्या मापाने मोजू गेल्यास हाती काही लागत नाही. कार्ल्याच्या एकवीरेस जाणारा कोळी आणि पोर्तुगीज अमलात ख्रिस्ती झालेला कोळी एकाच दर्यावर जगतात. ख्रिस्ती कोळी ज्यांत मोडतात त्या स्थानिक ख्रिस्ती लोकांनी तर, गोव्याहून आलेल्या धर्मबंधूंपासून आपण वेगळे आहोत हे सरकारास कळावे म्हणून, १८८७ साली ‘ईस्ट इंडियन’ हे नाव जाणूनबुजून धारण केले. सरकारी दप्तरात सह्याद्रीतील महादेव कोळी अनुसूचित जमातीत आहेत, दर्यावर जगणारे सोनकोळी मात्र विशेष मागास प्रवर्गात. म्हणजे मुंबईचा आद्य रहिवासी कायद्याने आदिवासी नाही.

मग बेटकऱ्यांचा हक्क कशावर उभा राहू शकतो, ह्याचे एक उदाहरण दूरवर सापडते. ऑस्ट्रेलियाच्या उत्तरेस टॉरेस सामुद्रधुनीत मेर नावाचे बेट आहे. तेथील एडी माबो आणि त्याच्या सोबत्यांनी १९८२ साली दावा लावला, आणि इंग्रज आले तेव्हा ही भूमी कोणाच्याच मालकीची नव्हती हा दीड-दोनशे वर्षांचा सिद्धान्त ३ जून १९९२ रोजी तेथील सर्वोच्च न्यायालयाने मोडीत काढला. माबो त्यापूर्वी साडेचारच महिने वारला होता. बागांच्या पिढीजात हद्दी, त्या कोणाकडून कोणाकडे आल्या ह्याच्या स्मृती, हाच त्यांचा पुरावा. त्या सामुद्रधुनीतील लोकांचा व्यापारी मासेमारीचा हक्क मान्य होण्यास मात्र २०१३ साल उजाडावे लागले.

‘आम्ही पहिले’ ह्या युक्तिवादावर कोळी बांधवांनी फार भिस्त ठेवू नये, असे मला वाटते. कारण पहिला कोण हा वाद खोदाल तितका खोल जातो. मेरच्या लोकांप्रमाणेच त्यांचा खरा आधार वहिवाट हा आहे: डोल जाळ्यांच्या खुंटांच्या ठरलेल्या जागा, बोंबील वाळविण्याच्या बांबूंच्या वलांडी, होड्या ओढण्याची पुळण. वनहक्कांसाठी २००६ साली कायदा झाला. समुद्रावरच्या सामुदायिक हक्कांसाठी तसा कायदा नाही, आणि कोळीवाड्यांच्या सीमांकनाचा प्रश्न वर्षानुवर्षे रेंगाळला. तरीही वरळीच्या कोळ्यांनी सागरी किनारा मार्गाच्या दोन खांबांमधला साठ मीटरांचा गाळा आपल्या नौकांस पुरणार नाही म्हणून काम अडवून धरले, आणि २०२३ च्या आरंभी सरकारला तो एकशेवीस मीटर करणे कबूल करावे लागले.