गुरूवाचून इटालियन

माझ्या पुतणीचे रोममधील एका मठात दाखल व्हावयाचे ठरले, तेव्हा तिच्या हाती जेमतेम सहा महिने उरले होते. आमच्या गावात इटालियन जाणणारे कोणी नाही. शेवटी खटपट करून एक जुने पुस्तक मिळविले. कोपनहेगनच्या आर्थर येन्सन यांच्या ‘निसर्गपद्धती’चे हे इटालियन पुस्तक १९६२ सालचे. तत्पूर्वी १९५५ साली हान्स ओर्बेर्ग यांनी याच रीतीने लॅटिनचे पुस्तक रचिले होते.

पुस्तक उघडताच मुलगी गोंधळली. पहिल्या ओळीपासून सारे इटालियन! भाषांतर नाही, शब्दार्थांची यादी नाही. नवा शब्द आला की तो चित्राने, नाही तर आधी शिकलेल्या शब्दांनी उकलावयाचा. पुढे तोच शब्द इतक्या वेळा भेटतो की पाठ करण्याची गरज राहत नाही. आरंभीच्या पाठांत ओळीखाली उच्चारही दिलेले आहेत.

आठवडाभराने पाहतो तो प्रत्येक शब्दावर पेन्सिलीने मराठी अर्थ! “काका, अर्थ लिहून ठेवला तर बिघडते काय?” तिने विचारले. बिघडते ते असे की डोळा मराठीवरच खिळतो आणि खालचे इटालियन न वाचताच राहते. मी रबर तिच्या हाती दिले. पुढे ती रोज पाठ मोठ्याने वाची, मग पुस्तक मिटून तीच हकिकत चुलीपाशी आजीला सांगे. आजीला त्यातले अक्षरही कळत नसे. पण ती हुंकार देई, आणि हुंकाराला फार मोल आहे.

उच्चारांत मात्र आपले मराठी उपयोगी पडले. इटालियन ‘त’ आणि ‘द’ आपल्यासारखेच दंत्य. इंग्रजी शाळेतला ‘ट’ तेथे विसरावा. ‘ग्रात्सिए’ म्हणजे आभार. त्यातला ‘त्स’ आपल्या ‘चाक’मधल्या ‘च’चा सख्खा भाऊ, ‘चार’मधला ‘च’ निराळा. जोडाक्षराकडे मात्र दुर्लक्ष करू नये. ‘पती’ आणि ‘पत्ती’ यांत जेवढे अंतर, तेवढेच ‘कापेल्लो’ म्हणजे केस आणि ‘काप्पेल्लो’ म्हणजे टोपी यांत. लिंगे दोनच, नपुंसकलिंग नाही. ‘मी बोलतो’ आणि ‘मी बोलते’ या दोहोंना एकच ‘पार्लो’. ‘मी’ म्हणावयाचेही कारण पडत नाही.

एक गोष्ट पुस्तकाला साधत नाही. ते उलट प्रश्न करीत नाही, आणि घाईघाईने तर मुळीच बोलत नाही.

रोमहून तिचे पहिले पत्र आले. एका वृद्ध भगिनीबरोबर ती पाव आणावयास गेली होती. मागणी बिनचूक केली. दुकानदाराने पाव बांधला व विचारले, “आल्त्रो?” हा शब्द तिला पक्का ठाऊक होता: ‘दुसरा’. दुसरा कोण, दुसरे काय, असा विचार करीत ती तशीच उभी राहिली. मागे माणसांची रांग वाढली. अखेर वृद्ध भगिनीने हळूच सांगितले, “आणखी काही हवे का, असे विचारतो आहे तो.”