समुद्रावरील दोन वह्या

एकट्याने, कोठेही न थांबता, शिडाच्या नौकेतून पृथ्वीप्रदक्षिणा करण्याची स्पर्धा लंडनच्या 'संडे टाइम्स' या वृत्तपत्राने १९६८ साली जाहीर केली. सर्वांत कमी दिवसांत परतणाऱ्यास ५,००० पौंड मिळणार होते. नऊ जण निघाले. त्यांपैकी डोनाल्ड क्राउहर्स्ट हा व्यापारी. जन्म गाझियाबादचा, इंग्लंडमध्ये नौकानयनाच्या इलेक्ट्रॉनिक उपकरणांचा धंदा, आणि तो बसत चाललेला. भांडवल देणाऱ्याशी त्याने केलेला करार एखाद्या जाणत्या सावकाराने कर्जदाराला पुन्हा वाचावयास लावला असता : प्रवास पुरा न झाल्यास नौका त्यानेच विकत घ्यायची, तारण धंदा आणि राहते घर.

मुदतीच्या अखेरच्या दिवशी, ३१ ऑक्टोबरला, अपुऱ्या तयारीनिशी तो निघाला. लवकरच नौकेत पाणी शिरू लागले. दक्षिण महासागरात वाऱ्याला अडवावयास जमीन नाही. तेथे ही नौका तगणार नाही, हे त्याला उमगले. पुढे मृत्यू, मागे दिवाळे, घरी पत्नी व चार मुले, आणि सल्ला विचारावयास शेजारी माणूस नाही. एकट्या खलाशाला वादळापेक्षा हे जड जाते.

डिसेंबरपासून तो दोन हिशेब ठेवू लागला : खऱ्या ठिकाणांचा एक, रेडिओवर कळवावयाच्या कल्पित ठिकाणांचा दुसरा. खोटे ठिकाण सूर्याच्या उंचीशी जुळविण्यास उलटे गणित करावे लागते, आणि ते खऱ्याहून कठीण. (बनावट रोजकीर्दीची खतावणी जुळविणाऱ्यालाच ते श्रम ठाऊक!) तत्त्वार्थसूत्रात सत्यव्रताच्या अतिचारांत 'कूटलेखक्रिया' सांगितली आहे, ती हीच.

शेवटचा क्रमांक आल्यास वह्या कोणी तपासणार नाही, या भरवशावर तो दक्षिण अटलांटिकमध्येच रेंगाळला. परंतु तो मागून वेगाने येत आहे, या समजुतीने निजेल टेटली याने आपली खिळखिळी झालेली नौका ताणली; २१ मे १९६९ रोजी ती ॲझोर्सजवळ बुडाली. टेटली वाचला. आता पारितोषिक क्राउहर्स्टकडे येणार, आणि वह्याही उघडल्या जाणार. त्याची शेवटची नोंद १ जुलैची. १० जुलैला नौका निर्मनुष्य सापडली. वह्या मात्र तिच्यातच होत्या.

प्रवास पुरा करणारा एकमेव स्पर्धक रॉबिन नॉक्स-जॉन्स्टन ३१२ दिवसांनी, २२ एप्रिललाच परतला होता. त्याची बत्तीस फुटी 'सुहैली' मुंबईच्या सुतारांनी सागवानात बांधलेली. मिळालेले ५,००० पौंड त्याने क्राउहर्स्टच्या कुटुंबाला दिले.