विषाणू भिंगाखाली का दिसत नाही?

शाळेतील सूक्ष्मदर्शकात दहापट नेत्रिका व चाळीसपट वस्तुभिंग मिळून प्रतिमा चारशेपट होते. कांद्याच्या पेशी सहज दिसतात. मग भिंगे वाढवून विषाणू का दिसू नये? अडचण भिंगाची नसून प्रकाशाची आहे. दृश्य प्रकाशाची तरंगलांबी ४०० ते ७०० नॅनोमीटर असल्याने सुमारे २०० नॅनोमीटरहून जवळचे दोन बिंदू एकच भासतात. विशालन वाढविले तर केवळ धूसरपणा वाढतो. करोना विषाणू तर जेमतेम १०० नॅनोमीटरचा!

वेगवान इलेक्ट्रॉनची तरंगलांबी याहून हजारो पटींनी लहान असते. अर्न्स्ट रुस्का व मॅक्स नोल यांनी १९३१ मध्ये बर्लिन येथे चुंबकीय भिंगांचे पहिले उपकरण घडविले. पुण्याच्या राष्ट्रीय विषाणू संस्थेने २०२० मध्ये करोनाची छबी याच तंत्राने टिपली. मात्र इलेक्ट्रॉन हवेत विखुरतात, म्हणून नमुना निर्वातात ठेवावा लागतो. सरपटणारा जिवंत अमीबा पाहण्यास शाळेतलाच सूक्ष्मदर्शक हवा.