विश्लेषण : हिट गाणी हातात असताना रॉबिनने मोठी म्युझिक कंपनी का सोडली?

मार्च २०१९. न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमधील कार्यक्रम संपला आणि प्रेक्षक खालच्या सबवे स्थानकात उतरले. तिथे गर्दी घरी जायच्या गडबडीत नव्हती. ती फलाटावर उभी राहून गात होती, नाचत होती. त्या रात्रीचा व्हिडीओ जगभर फिरला. गाणे होते ‘डान्सिंग ऑन माय ओन’, गायिका स्वीडनची रॉबिन.

गंमत म्हणजे २०१० मध्ये आलेले हे गाणे अमेरिकेच्या ‘बिलबोर्ड हॉट १००’ यादीत कधी आलेच नव्हते. त्याआधी, १९९७ मध्ये, याच गायिकेची दोन गाणी त्या यादीत सातव्या क्रमांकापर्यंत गेली होती. मग मधल्या काळात असे काय घडले, की तिने यादीतले स्थान सोडले आणि तरीही श्रोते मिळवले?

रॉबिन कोण आहे?

रॉबिन मिरियम कार्लसन हिचा जन्म १९७९ मध्ये स्टॉकहोममध्ये झाला. आई-वडील नाटकवाले, त्यांची स्वतःची नाटक मंडळी होती. आई-वडिलांच्या घटस्फोटावर तिने लहानपणीच एक गाणे रचले. शाळेत ते गाताना स्वीडिश गायिका मेया हिने ऐकले आणि वयाच्या १४ व्या वर्षी रॉबिनच्या हातात रेकॉर्ड कंपनीचा करार आला.

पहिला अल्बम ‘रॉबिन इज हिअर’ १९९५ मध्ये आला. त्यातील काही गाण्यांमागे डेनिझ पॉप आणि मॅक्स मार्टिन ही स्वीडिश जोडी होती. ‘डू यू नो’ आणि ‘शो मी लव्ह’ ही दोन गाणी अमेरिकेत गाजली, तेव्हा ती १८ वर्षांची होती. पुढच्याच वर्षी मॅक्स मार्टिनने लिहिलेले ‘बेबी वन मोअर टाइम’ ब्रिटनी स्पीअर्सच्या आवाजात आले. किशोरवयीन पॉपची लाट आली. पण रॉबिन तोवर त्या लाटेतून बाहेर पडली होती. सततच्या दौऱ्यांनी थकून ती स्वीडनला परतली होती.

खटके कशावरून उडाले?

दुसरा अल्बम ‘माय ट्रुथ’ १९९९ मध्ये स्वीडनमध्ये प्रसिद्ध झाला. त्यात तिने स्वतःच्या गर्भपाताच्या अनुभवावर गाणी लिहिली होती. अमेरिकेतील कंपनीला त्यात बदल हवे होते. तिने नकार दिला आणि तो अल्बम अमेरिकेत आलाच नाही. एका निर्णयाने सर्वांत मोठी बाजारपेठ हातची गेली.

तिसरा अल्बम २००२ मध्ये आला. त्यानंतर तिने ‘द नाइफ’ या स्वीडिश इलेक्ट्रॉनिक जोडीसोबत ‘हूज दॅट गर्ल’ हे गाणे केले. आपल्याला असेच संगीत करायचे आहे, हे तिला उमगले. कंपनीला मात्र ते रुचले नाही. अखेर तिने पैसे मोजून करारातून स्वतःची सुटका करून घेतली. २००५ मध्ये, वयाच्या पंचविशीत, तिने स्वतःची कंपनी काढली. एका जपानी अभिवादनावरून तिचे नाव ठेवले ‘कोनिचिवा रेकॉर्ड्स’.

स्वतःची कंपनी असल्याने काय बदलते?

एका गाण्यात दोन वेगळे हक्क असतात. पहिला शब्द आणि चालीचा. तो गीतकार-संगीतकाराकडून सुरू होतो. दुसरा प्रत्यक्ष ध्वनिमुद्रणाचा. त्याला ‘मास्टर’ म्हणतात. कंपनी स्टुडिओ, प्रसिद्धी आणि वितरणाचा खर्च उचलते आणि त्या बदल्यात बहुतेक वेळा मास्टर स्वतःकडे ठेवते. कोणते गाणे कधी आणि कुठे प्रसिद्ध करायचे, हे मग कंपनी ठरवते. टेलर स्विफ्टने २०२१ पासून जुने अल्बम पुन्हा ध्वनिमुद्रित केले, ते याच हक्कासाठी.

रॉबिनने हा प्रश्न त्याच्या १६ वर्षे आधी आपल्या पद्धतीने सोडवला. आधी स्वतःच्या कंपनीत गाणे तयार करायचे आणि परदेशातील वितरणासाठी मोठ्या कंपन्यांशी नंतर बोलायचे. मोठ्या कंपन्या तिला वर्ज्य नव्हत्या. फक्त टेबलावर बसण्याची जागा बदलली होती.

याची किंमत काय मोजावी लागली?

वेळ. २००५ चा ‘रॉबिन’ हा अल्बम स्वीडनमध्ये अव्वल ठरला. तिथल्या ग्रॅमिस पुरस्कारांत तो वर्षातील सर्वोत्तम अल्बमही ठरला. पण ब्रिटनमध्ये पोहोचायला २००७ उजाडले आणि अमेरिकेत २००८. धीर धरल्याचे फळ ऑगस्ट २००७ मध्ये मिळाले. क्लीरप या संगीतकारासोबतचे ‘विथ एव्हरी हार्टबीट’ ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेले.

२०१० मध्ये तिने आणखी एक धाडस केले. एक मोठा अल्बम पूर्ण होण्याची वाट न पाहता ‘बॉडी टॉक’ तीन टप्प्यांत, म्हणजे जून, सप्टेंबर आणि नोव्हेंबरमध्ये आणला. आज स्ट्रीमिंगच्या जमान्यात गाणी हप्त्याहप्त्याने येणे सवयीचे झाले आहे. तेव्हा तसे नव्हते.

‘डान्सिंग ऑन माय ओन’ इतके का टिकले?

हे गाणे रॉबिन आणि पॅट्रिक बेर्गर यांनी लिहिले. खाली न थांबणारा सिंथचा ठेका आणि वर मोडलेल्या मनाची गोष्ट. पूर्वीचा जोडीदार दुसऱ्या कुणासोबत आहे, हे पाहत क्लबच्या कोपऱ्यात एकटीच नाचणारी मुलगी. ठेका दुःखासाठी थांबत नाही आणि दुःखही ठेक्यात विरत नाही. रडू येत असतानाच नाचायला लावणारे गाणे म्हटले, की आज आधी हेच आठवते.

२०१२ मध्ये ‘गर्ल्स’ या मालिकेतील एका दृश्याने ते नव्या पिढीपर्यंत नेले. २०१६ मध्ये ब्रिटिश गायक कॅलम स्कॉटची संथ आवृत्ती ब्रिटनमध्ये दुसऱ्या क्रमांकावर गेली. इथे दोन हक्कांमधला फरक नेमका दिसतो : ध्वनिमुद्रण स्कॉटचे, पण शब्द-चालीचे मानधन मूळ गीतकारांना. ‘रोलिंग स्टोन’ने २०२१ मध्ये केलेल्या सर्वोत्तम ५०० गाण्यांच्या यादीत मूळ गाणे २० व्या स्थानी होते.

पुढे काय झाले?

‘बॉडी टॉक’नंतर पुढचा पूर्ण एकल अल्बम यायला आठ वर्षे लागली. मधल्या काळात, २०१४ मध्ये, तिचे जवळचे सहकारी आणि निर्माते क्रिस्टियन फॉक यांचे निधन झाले. २०१८ चा ‘हनी’ हा अल्बम तिने हवा तेवढा वेळ घेऊन केला. करारातील तारखांचा तगादा असता, तर इतकी सवड मिळणे अवघड होते. त्याच अल्बमच्या दौऱ्यात तो मॅडिसन स्क्वेअर गार्डनचा कार्यक्रम झाला. २०२४ मध्ये चार्ली एक्ससीएक्सने ‘३६०’ या गाण्याच्या रिमिक्ससाठी तिला सोबत घेतले, तेव्हा नव्या पिढीने तिला आपल्यातलीच मानले.

कंपनी सोडणाऱ्या प्रत्येक कलाकाराचे असेच होईल, असे नाही. रॉबिनच्या गाठीशी आधीची हिट गाणी होती आणि घरच्या देशात श्रोतेही होते. पण १४ व्या वर्षी सही केलेल्या मुलीने पंचविशीत आपल्या कामाची सूत्रे हाती घेतली आणि त्यासाठी लागेल तितका उशीर सोसला. सबवेच्या फलाटावरची ती गर्दी नऊ वर्षे जुने गाणे गात होती. यादीतला क्रमांक तिथे कुणी विचारला नाही.