पैसे दिले, मग परवानगी कुणाची?

दिवाळी आली की विट्याभोवतीची गावं भरतात. खानापूर, आटपाडी, तासगाव भागातली गलाईवाली घरं वर्षभर देशभर पांगलेली असतात. सोन्या-चांदीच्या शुद्धीकरणाच्या कामाने त्यांना कुठे कुठे नेऊन बसवलंय. सणाला ती परत येतात, आणि हल्ली गाडीच्या डिकीत फराळाच्या डब्यांशेजारी मुलांचे लॅपटॉपही असतात. असाच एक बारावीतला मुलगा, तमिळनाडूत वाढलेला, आमच्या शेजारी आजोळी आला होता. लॅपटॉपवर अकरा गेम, सगळे रीतसर पैसे भरून घेतलेले. वाडीवर मोबाइलची रेंज येते ती गच्चीच्या एका कोपऱ्यात. गेम सुरू करायला गेला तर आधी स्टोअरचा लाँचर उघडला. लाँचरने अपडेट मागितलं, अपडेटनंतर लॉगिन, लॉगिननंतर ओटीपी. ओटीपी गेला तिकडे तमिळनाडूत, घरच्या दुकानात राहिलेल्या फोनवर. पोरगं हिरमुसून बसलं, तेव्हा आजोबा म्हणाले, "पैसं दिलंस न्हवं? मग आता परवानगी कुणाची मागतुयास?"

या प्रश्नाचं नीट उत्तर द्यायला बसलो तेव्हा लक्षात आलं, की पीसी गेम खेळणाऱ्या मुलांच्या डोक्यात या बाबतीत ऐकीव गोष्टींचीच गर्दी आहे. त्यातल्या काही निरुपद्रवी आहेत, काही मात्र पैसे बुडवणाऱ्या.

"लाँचर काढला की गेम गेला"

सगळ्यात पसरलेला गैरसमज हा. लाँचर म्हणजे दुकान. गेम डाउनलोड करणं, अपडेट करणं, मित्रांशी गप्पा, सेव्ह फाइलची क्लाउडवर प्रत ठेवणं, ही त्याची कामं. गेमवरचं कुलूप ही वेगळी गोष्ट, तिला डीआरएम म्हणतात. दुकान आणि कुलूप बहुतेक वेळा एकत्र दिसतात म्हणून आपण ती एकच धरतो. प्रत्यक्षात लाँचरमधून घेतलेल्या पुष्कळ गेमना कुलूप नसतंच.

स्टीमचंच बघा. व्हॉल्व्ह या अमेरिकन कंपनीने २००३ मध्ये सुरू केलेलं हे आज पीसी गेमचं सर्वांत मोठं दुकान. भारतात त्यावर रुपयांत किमती २०१५ पासून दिसू लागल्या. स्टीमवर विकल्या जाणाऱ्या गेमला कुलूप लावायचं की नाही, हे गेम बनवणारा ठरवतो. व्हॉल्व्ह कुलूप पुरवते, सक्ती करत नाही. उलट डेव्हलपरांसाठीच्या माहितीत तिने स्वतःच लिहून ठेवलंय की हे कुलूप एकट्याने पायरसी थांबवू शकत नाही. फॅक्टोरिओसारख्या गेमचे कर्ते तर एक पाऊल पुढे जातात. स्टीमवर घेतलात तरी त्यांच्या स्वतःच्या साइटवर खातं जोडून लाँचरविना चालणारी प्रत उतरवता येते.

आपल्या गेमला कुलूप आहे का, हे घरबसल्या कळतं. लाँचर पूर्ण बंद करायचा, म्हणजे घड्याळाशेजारच्या ट्रेमधूनही. नेट बंद करायचं. मग गेमच्या फोल्डरमध्ये जायचं. स्टीमचे गेम बहुधा 'स्टीमॲप्स' आणि त्याच्या आत 'कॉमन' अशा फोल्डरमध्ये असतात. तिथली डॉट ईएक्सई फाइल डबल क्लिक करायची. गेम उघडला, तर कुलूप नाही. लाँचर उघडून बसला किंवा एरर आली, तर काहीतरी अडवतंय. त्या गच्चीवर आम्ही हेच केलं. अकरापैकी चार गेम काही न विचारता सुरू झाले. त्या मुलाला हे चार गेम लाँचरशिवाय चालतात हे दोन वर्षांत एकदाही कळलं नव्हतं, कारण डेस्कटॉपवरचा शॉर्टकट नेहमी लाँचरच उघडतो.

इथे एक सावधगिरी, फार महत्त्वाची. कुलूप नाही हे कळल्यावर उत्साहात स्टीमच अनइन्स्टॉल करू नका. गेम त्याच्याच फोल्डरात असतील तर तेही सोबत पुसले जातात. आधी गेमचं पूर्ण फोल्डर बाहेरच्या हार्डडिस्कवर कॉपी करायचं, तिथून चालवून बघायचं, मग पुढचं. सेव्ह फाइल तर गेमच्या फोल्डरात असेलच असं नाही. ती बऱ्याचदा 'डॉक्युमेंट्स'मध्ये किंवा 'ॲपडेटा' या लपवलेल्या फोल्डरात असते. लाँचरविना खेळताना क्लाउडवरची प्रत होत नाही, तेव्हा ती आपणच जपायची. साठ तासांचा खेळ फॉरमॅट मारताना गेला म्हणून रडकुंडीला आलेली पोरं मी पाहिलीत.

"लाँचरशिवाय खेळणं म्हणजे क्रॅक"

कॉम्प्युटर असेंबल करून देताना 'गेम टाकून देतो' म्हणणाऱ्यांमुळे हा घोळ झालाय. विकत घेतलेला, कुलूप नसलेला गेम थेट फाइलवरून सुरू करणं यात चोरीचा प्रश्नच येत नाही. क्रॅक म्हणजे कुलूप फोडलेली, बहुधा न विकत घेतलेली प्रत.

कायदा काय म्हणतो ते नीट बघण्यासारखं आहे. १९५७ च्या आपल्या कॉपीराइट कायद्यातलं कलम ५२ कायदेशीररीत्या मिळालेल्या संगणक प्रोग्रामची बॅकअप प्रत ठेवू देतं. स्वतःच्या कायदेशीर प्रतीवरून वैयक्तिक, बिगरव्यापारी वापरासाठी प्रत करायलाही मुभा देतं. २०१२ च्या दुरुस्तीत कलम ६५ अ आलं. हक्कभंगाच्या उद्देशाने तांत्रिक कुलूप फोडलं तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड होऊ शकतो. 'उद्देशाने' हा शब्द त्या कलमात आहे, तरी त्याच्या जोरावर कुलूप फोडण्याचा सल्ला मी कुणाला देणार नाही. स्टोअरशी आपण केलेला करार वेगळाच असतो, आणि तो मोडला तर खातं बंद करायला त्यांना कोर्टात जावं लागत नाही. आणि 'मी काही विकत नाही, फक्त खेळतो' म्हणून चोरीच्या प्रती वापरणाऱ्यांसाठी कलम ६३ ब आहे. चोरीची आहे हे माहीत असून संगणक प्रोग्रामची प्रत वापरणं हाही गुन्हाच.

कायदा बाजूला ठेवला तरी नुकसान आहेच. २०२१ मध्ये अवास्ट या अँटिव्हायरस कंपनीने क्रॅकोनॉश नावाचं एक मालवेअर उघडकीला आणलं. क्रॅक केलेल्या गेममधून ते शिरत होतं, अँटिव्हायरस बंद पाडत होतं आणि दुसऱ्याच्या कॉम्प्युटरवर मोनेरो हे आभासी चलन खणत होतं. अवास्टच्या मोजणीनुसार जगभरात २ लाख २२ हजार कॉम्प्युटरना त्याची लागण झाली होती. यंत्रमागाची बिलं ज्या कॉम्प्युटरवर होतात त्याच कॉम्प्युटरवर रात्री मुलगा गेम खेळतो, अशी घरं विट्यात आहेत. फुकटचा गेम तिथे किती महागात पडेल, याचा बापाने विचार करावा.

"सीडी घेतली असती तर ही कटकटच नव्हती"

माझ्या वयाच्या लोकांचं हे आवडतं वाक्य. मलाही तसंच वाटायचं. पण हाफ-लाइफ २ हा गेम नोव्हेंबर २००४ मध्ये आला तेव्हा दुकानातून डबा विकत आणला तरी स्टीमवर नोंदवल्याशिवाय तो चालत नव्हता. डबाबंद गेममध्येही दुकानदार घरात शिरला तो तेव्हापासून. त्याआधीच्या सीडींवर सेफडिस्कसारखी कुलपं असत, ती विंडोजमधल्या एका ड्रायव्हरवर चालायची. सुरक्षेच्या कारणावरून मायक्रोसॉफ्टने २०१५ मध्ये विंडोज १० मधून तो ड्रायव्हर वगळला. परिणामी कपाटात जपून ठेवलेली अस्सल सीडी नव्या पीसीवर हटून बसते. प्लास्टिकची तबकडी हातात आहे म्हणून गेम हातात आहे, असं तेव्हाही नव्हतं.

"ऑफलाइन मोड आहे की!"

आहे, आणि उपयोगी आहे. फक्त त्याची तयारी नेट असतानाच करावी लागते. स्टीममध्ये लॉगिन लक्षात ठेवण्याचा पर्याय निवडायचा, सगळे अपडेट पूर्ण होऊ द्यायचे, प्रत्येक गेम एकदा नेटवर उघडून बंद करायचा, मग मेन्यूतून ऑफलाइन व्हायचं. हे प्रवासाच्या आदल्या रात्री करायचं काम आहे. वाडीवर पोचल्यावर सुचून उपयोग नाही. आमच्या अकरातले आणखी चार गेम, गच्चीच्या कोपऱ्यात अर्धा तास हॉटस्पॉट धरून आणि घरी फोन करून ओटीपी मागवून, असे ऑफलाइन चालू झाले.

ऑफलाइन मोडने सगळं सुटत नाही. काही गेमवर डेनुव्होसारखं तिसऱ्याच कंपनीचं कुलूप असतं, आणि पहिल्यांदा उघडताना, कधी कधी कॉम्प्युटरमध्ये बदल झाल्यावरही, ते सर्व्हरला विचारल्याशिवाय पुढे जात नाही. काही गेम स्टीमवर घेतले तरी आत आणखी एक लाँचर उघडतो, यूबीसॉफ्टचा, ईएचा किंवा रॉकस्टारचा. नोव्हेंबर २०२१ मध्ये रॉकस्टारचा लाँचर एक दिवसाहून जास्त बंद पडला होता, तेव्हा त्यावर अवलंबून असलेले पीसीवरचे गेम जगभर लोकांना उघडेनात. एकट्याने खेळायचा भागसुद्धा. हे आधी कळायला मार्ग आहे. स्टीमच्या पानावर उजव्या बाजूला, तिसऱ्या कंपनीचं डीआरएम किंवा वेगळं खातं लागत असेल तर तशी पट्टी असते. पैसे देण्याआधी ती वाचायची.

जुन्या कॉम्प्युटरवाल्यांसाठी आणखी एक. १ जानेवारी २०२४ पासून स्टीमने विंडोज ७ आणि ८ ला रामराम केला. गेम दहा वर्षांपूर्वीचा, कॉम्प्युटर दहा वर्षांपूर्वीचा, दोघांचं उत्तम जमतं, पण मधला लाँचर नवा विंडोज मागतो. कुलूप नसलेल्या प्रतीला ही अडचण येत नाही.

"विकत घेतला म्हणजे माझा"

आजोबांचा प्रश्न इथला. बटणावर 'खरेदी' लिहिलेलं असतं, पण करारात मिळतो तो वापराचा परवाना. खरेदीखत आणि भाडेपट्टा यांतला फरक आपल्याकडे शेतकऱ्याच्या पोराला समजावून सांगावा लागत नाही. इथे भाडेपट्ट्यावरच खरेदीखत असं छापलंय, एवढंच.

यूबीसॉफ्टचा द क्रू हा २०१४ चा मोटारशर्यतीचा गेम. एकट्याने खेळायचा तरी त्याला सर्व्हर लागायचा. ३१ मार्च २०२४ ला सर्व्हर बंद झाला, आणि नंतर पैसे दिलेल्या लोकांच्या खात्यातून परवानाही काढून घेतला गेला. त्या संतापातून 'स्टॉप किलिंग गेम्स' ही मोहीम उभी राहिली. युरोपीय संघाकडे दिलेल्या तिच्या निवेदनावर जुलै २०२५ पर्यंत १० लाखांहून जास्त सह्या झाल्या. कॅलिफोर्नियाने तर कायदाच केला: १ जानेवारी २०२५ पासून, ग्राहकाला फक्त परवाना मिळतोय हे स्पष्ट सांगितल्याशिवाय डिजिटल वस्तूवर 'खरेदी' हा शब्द वापरता येत नाही. तो लागू होण्याआधीच, ऑक्टोबर २०२४ मध्ये, स्टीमच्या कार्टमध्ये तशी ओळ दिसू लागली. कायमची उतरवून ऑफलाइन ठेवता येणारी वस्तू मात्र त्या कायद्याने या अटीतून मोकळी सोडली आहे. मला ही तरतूद सगळ्यात मोलाची वाटते, कारण खरी खरेदी कशाला म्हणायचं हे तिथे कायद्याने सांगून टाकलंय.

अशी वस्तू विकणारी दुकानं आहेत. पोलंडच्या सीडी प्रोजेक्टने २००८ मध्ये सुरू केलेलं जीओजी हे त्यांतलं मोठं. तिथल्या गेमची इन्स्टॉलर फाइल ब्राउझरमधून उतरवायची, हार्डडिस्कवर ठेवायची, हव्या त्या दिवशी नेटविना टाकायची. गॅलेक्सी नावाचा त्यांचा लाँचर आहे, पण ऐच्छिक. छोट्या, स्वतंत्र गेमकर्त्यांसाठी इच डॉट आयओ आहे.

आपल्या जवळचं उदाहरण हवं तर पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा राजी: अ‍ॅन एन्शंट एपिक घ्या. भावाला सोडवायला निघालेल्या मुलीची, आपल्या पुराणांतून आणि शिल्पांतून उभी केलेली गोष्ट. २०२० मध्ये तो आला आणि त्या वर्षीच्या द गेम अवॉर्ड्समध्ये पदार्पणाच्या विभागात त्याला नामांकन मिळालं. पीसीसाठी तो स्टीमवरही आहे, जीओजीवरही. गेम तोच, राजी तीच. जीओजीवर घेतलात तर इन्स्टॉलर हातात येतो आणि उद्या दुकान बंद झालं तरी पेनड्राइव्हवरचा गेम चालू राहतो.

अर्थात जीओजीवरही डोळे मिटून भरवसा ठेवू नका. इन्स्टॉलर उतरवून ठेवलाच नाही, तर तुमचा गेमही त्यांच्याच सर्व्हरवर पडून आहे. अपडेट आपोआप येत नाहीत, नवा इन्स्टॉलर पुन्हा उतरवावा लागतो. काही गेमचा मित्रांबरोबर खेळण्याचा भाग गॅलेक्सीशिवाय चालत नाही. मोठ्या गेमचे इन्स्टॉलर तुकड्यांत येतात, आणि एक तुकडा राहिला तर सगळं अडतं. म्हणून उतरवल्यावर एकदा टाकून बघायचं.

आणि व्हॅलोरंट किंवा काउंटर-स्ट्राइक २ लाँचरविना कसा खेळायचा, असं मला विचारू नका. ते सामने कंपनीच्या सर्व्हरवरच होतात.

गच्चीवरच्या हिशोबात शेवटी तीन गेम उरले, कशालाच न बधणारे. मुलाने त्यांची नावं आजोबांच्या दुधाच्या वहीच्या मागच्या पानावर लिहून घेतली. पुढच्या सेलला ते जीओजीवर मिळतात का ते बघणार आहे, आणि मिळाले तर इन्स्टॉलरची एक प्रत इथे, गावातल्या कपाटात ठेवायची असं त्याचं आणि आजोबांचं ठरलंय.