अरुण खोपकर : कलेच्या चालीनं चालणारे माहितीपट

अरुण खोपकर (जन्म १९४५) यांच्या माहितीपटांत माहिती कमी असते, असं गमतीनं म्हणता येईल. मराठवाड्यातल्या मुखेडसारख्या तालुक्याच्या गावातल्या जुन्या प्रेक्षकाला माहितीपट म्हणजे मुख्य चित्रपटाआधी सक्तीनं दाखवला जाणारा फिल्म्स डिव्हिजनचा लघुपट आठवतो : धरणं, लसीकरण आणि वरून बोलणारा भारदस्त आवाज. खोपकरांची वाट याच्या अगदी उलट दिशेची. ते कलावंताची जंत्री मांडत नाहीत. त्याची कला ज्या रीतीनं चालते, ती रीत चित्रपटात उतरवू पाहतात.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ते शिकले. मणि कौल यांच्या ‘आषाढ का एक दिन’मध्ये (१९७१) त्यांनी कालिदास केला. सोव्हिएत दिग्दर्शक आयझेनस्टाइनचा त्यांचा अभ्यास जुना आहे. दोन चित्रं शेजारी ठेवली की दोन्हींत नसलेला तिसराच अर्थ उभा राहतो, हे आयझेनस्टाइनचं सूत्र खोपकरांनी निरनिराळ्या कला शेजारी ठेवण्यासाठी वापरलं.

‘फिगर्स ऑफ थॉट’मध्ये (१९९०) भूपेन खख्खर, नलिनी मलानी आणि विवान सुंदरम असे तीन स्वभावांचे तीन चित्रकार एकत्र येतात. ‘कलर्स ऑफ अॅब्सेन्स’मध्ये (१९९३) चित्रकार जहांगीर सबावाला एकटेच.

लीला सॅमसन यांच्या भरतनाट्यमवरच्या ‘संचारी’चं (१९९१) नावच बोलकं आहे. अभिनयात नर्तकी पदाची एकच ओळ पुन्हा पुन्हा घेते. शब्द तेच, पण हात बदलतो, नजर बदलते, रुसव्याची विनवणी होते. या विस्ताराला संचारी म्हणतात. नृत्य नुसतं समोरून टिपलं तर त्याचा पुरावा तेवढा उरतो, ते हाती लागत नाही. कॅमेऱ्यालाही ओळ पुन्हा घ्यावी लागते, वेगळ्या अंतरावरून.

वास्तुकार चार्ल्स कोरिया यांच्यावरच्या ‘व्हॉल्यूम झीरो’पुढची (२००८) अडचण निराळी. कोरियांच्या वास्तूंत भिंतींइतकंच मोल उघड्या आकाशाखालच्या अंगणाला असतं, आणि रिकाम्या जागेचा फोटो काढला तर फोटोही रिकामाच येतो. ती जागा चालूनच कळते. वाड्याच्या अंधाऱ्या देवडीतून चौकात आलेल्या मराठवाड्यातल्या माणसाला हे वेगळं सांगायला नको.

मराठी वाचकाला सर्वांत जवळचा चित्रपट मात्र ‘नारायण गंगाराम सुर्वे’ (२००२). ‘ऐसा गा मी ब्रह्म’चा (१९६२) हा कवी जन्मतःच टाकून दिलेला, गंगाराम सुर्वे या गिरणी कामगारानं त्याला उचलून घरी नेलं, स्वतःचं नाव दिलं. शीर्षकातलं मधलं नाव म्हणजे या आयुष्याचा पहिला प्रसंग. खोपकरांनी ते गाळलं नाही, यातच त्यांची नजर दिसते.

या पद्धतीची एक मर्यादा आहे. कलेची थोडी तरी ओळख नसलेला प्रेक्षक यात बिचकतो, आणि खोपकर त्याच्यासाठी थांबत नाहीत.

हे चित्रपट तालुक्याच्या गावी सहसा लागत नाहीत. पुस्तकांचं तसं नाही. ‘गुरू दत्त : तीन अंकी शोकांतिका’ला सिनेमावरील सर्वोत्तम पुस्तकाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि ‘चलत्-चित्रव्यूह’ला २०१५चा साहित्य अकादमी. वाचनालयात यांपैकी एखादं सापडलं, तर सुरुवात तिथून करावी.